अर्धा कॅन

शुक्रवारी संध्याकाळी सातला
माझा बाप आल्सीड फ्रिजमधून बिअरचा कॅन काढतो.
एकच असतो.
पुलापलीकडच्या दुकानातली पोरगी सुटा कॅन विकत नाही,
पण त्याच्यासाठी सहाचा गठ्ठा फोडते,
आणि उरलेल्या पाचांकडे तो बघत नाही.

बायूवर अजून उजेड आहे.
लुइझियानातलं हे पाणी म्हणजे थंड झालेला कोरा चहा,
कडेला उभे सायप्रस, गुडघे वर काढून.
मी पायरीवर कोळंबी सोलत बसते,
डोकी बादलीत, सालं उद्याच्या रश्शाला,
पाठीतला काळा दोरा नखानं ओढून.
भाव काय मिळाला, मी विचारत नाही.
डिझेल चढलंय, आणि कुठल्या तरी लांबच्या तळ्यांतली
गोठवलेली कोळंबी
आमच्या जाळ्याआधी बाजारात पोचते.
तो लसूण ठेचायला घेतो.
ज्या जोरानं ठेचतो, त्यावरून भाव कळतो.

बिडाच्या कढईत लोणी.
लोण्यात लसूण, तमालपत्रं दोन,
मग लाल तिखट, चमच्यानं नाही, बोटांनी:
माणसागणिक एक चिमूट,
वर एक, जे जेवायला नाहीत त्यांच्या नावानं.
त्यात आई धरायची की नाही, ठाऊक नाही.
ती ह्यूस्टनला असते,
आणि तिच्या नव्या नवऱ्याला तिखट सोसत नाही.

आता कॅन.
बोट पत्र्याच्या कडीखाली जातं. थांबतं.
अकरा वर्षं झाली.
फस्स.
तो आवाज तो शेवटपर्यंत ऐकतो,
फेडून झालेल्या कर्जाचा कागद
कुणी पुन्हा एकदा वाचून घडी घालावा तसा.
मग ओततो.
फेस उसळतो, तिखट हवेत चढतं,
अख्खं घर खोकतं,
कुत्रा शहाणा, तो आधीच अंगणात.
वाफ त्याच्या तोंडावरून जाते
आणि तो मागे सरत नाही.

अर्धा कढईला, अर्धा आचाऱ्याला,
ही आमच्या घरची रीत. आजोबा म्हणायचे.
फक्त आमच्याकडचा आचारी
अर्ध्यावर कधी थांबला नाही,
आणि एका ऑगस्टात, भर दुपारी,
बोट सरळ धक्क्यात घातली त्यानं,
सोबत दिव्याचा खांब
आणि शेजारी बांधलेली तुयेनची होडी.

तुयेननं पोलीस बोलावले नाहीत.
फळ्या तरंगत होत्या, त्यांतली एक उचलून
निथळत उभा राहिला, म्हणाला,
पैसे तुझ्याकडे नाहीत, मला माहीत आहे.
दर शुक्रवारी तुझा अर्धा मला द्यायचा.
कधीपर्यंत?
होडी मोठी होती, तुयेन म्हणाला.

कोळंबी कढईत जाते. तीन मिनिटं, जास्त नाही.
अर्धं वर्तुळ झालं की झाली,
पूर्ण वर्तुळ झालं की रबर.
दार न वाजवता तुयेन येतो,
स्वतःची बशी घेऊन: मीठ, मिरी, वर लिंबू पिळलेलं.
टेबलावर वर्तमानपत्र, पावाचा लांब रोल,
तो मोडायचा, कापायचा नाही.
कोळंबी खात, बोटं चाटत, नाकं पुसत
कुणी काही बोलत नाही.
ओठ जळतात, पुढची उचलली जाते.

तुयेन आपला अर्धा कॅन घेऊन पायरीवर जातो,
हवा खायला, म्हणतो.
भांडी विसळताना खिडकीतून मला दिसतं:
मार्चमध्ये डॉक्टरनं बंद केलेली बिअर
तो वाकून, हळूहळू
मिरचीच्या रोपांना घालतोय,
एकेका बुंध्याला थोडी थोडी,
कमी-जास्त होऊ न देता.
रिकामा कॅन आत आणून ठेवतो टेबलावर.
मस्त होती, म्हणतो. थंड.

बाप कॅन हलवून बघतो, चेपतो.
यंदा मिरच्या, तो म्हणतो,
पावाच्या तुकड्यानं कढई पुसत,
झिंगल्यासारख्या धरल्यात.
तुयेन छताकडे बघतो.
पुढच्या शुक्रवारी? बाप विचारतो.
होडी मोठी होती, तुयेन म्हणतो.